फ्रेमरूल समजला तिथपासून रन मान्य होईपर्यंत

गेल्या आठवड्यात माझा ‘सुपर मारियो ब्रदर्स’ या व्हिडिओ गेमचा एनी पर्सेंट स्पीडरन (खेळ कमीत कमी वेळात संपवण्याचा प्रयत्न) लीडरबोर्डवर, म्हणजे वेळांच्या क्रमवारीत, मान्य झाला. वेळ ५ मिनिटं ६ सेकंद आणि वर थोडे मिलिसेकंद. या खेळात ही वेळ साधीच धरतात. तरीही लिहायला बसले, कारण या वर्षाच्या सुरुवातीला मी माहिती शोधत होते तेव्हा ‘फ्रेमरूल’ हा शब्द जिथेतिथे भेटायचा आणि तो सगळ्यांना पाठच असणार असं धरून पुढचं लिहिलेलं असायचं. रन सादर कसा करायचा, मॉडरेटर, म्हणजे रन तपासून मान्य करणारे लोक, नक्की काय तपासतात, किती थांबावं लागतं, हेही तुकड्यातुकड्यांतच सापडत गेलं. ज्यांना आत्ता सुरुवात करायची आहे त्यांच्यासाठी जे घडलं ते घडलं त्या क्रमाने सांगते.

फेब्रुवारीत सुरुवात केली. १९८५ सालचा हा खेळ. एकूण ८ वर्ल्ड, प्रत्येकात ४ लेव्हल, म्हणजे ३२. एनी पर्सेंट कॅटेगरीत सगळ्या खेळायच्या नसतात. कसंही करून शेवट गाठायचा. वॉर्प झोन, म्हणजे थेट पुढच्या वर्ल्डमध्ये नेणाऱ्या लपलेल्या जागा, वापरले की ८ लेव्हलच उरतात: १-१, १-२, ४-१, ४-२ आणि मग ८-१ ते ८-४. पहिले काही आठवडे मी फक्त न मरता शेवटपर्यंत जाणं, एवढंच करत होते. इथे घाई करू नका. बी बटण सतत दाबून धरून धावत राहण्याची सवय बोटांना लागली नसेल तर पुढचं सगळं ज्ञान कोरडं राहतं. ८-१ मधले खड्डे, ८-३ मधले हातोडे फेकणारे हॅमर ब्रदर्स, ८-४ मधला कुठला पाइप पुढे नेतो आणि कुठला मागे, हे हातात बसायलाच माझा फेब्रुवारी गेला.

मार्चमध्ये लाइव्हस्प्लिट हा टायमर बसवला. तो फुकट मिळतो. प्रत्येक लेव्हल संपली की एक बटण दाबायचं, मग त्या लेव्हलची वेळ आपल्या आधीच्या सर्वोत्तम वेळेशी ताडून दिसते. मी स्प्लिट, म्हणजे ही लेव्हलअखेरची नोंद, नेहमी पडदा काळा होतो त्या क्षणी घ्यायचे, लेव्हलच्या शेवटचा झेंडा पकडताना नाही. ही सवय पुढे फार उपयोगी पडली, कारण थोड्याच दिवसांत एक विचित्र गोष्ट नजरेला आली. १-१ मध्ये कधी मी अगदी सफाईने धावायचे, कधी एखाद्या पाइपला खांदा घासून जायचा, पण काळ्या पडद्याला घेतलेली वेळ दोन्हीकडे तीच. हाताने बटण दाबताना जो शतांश सेकंदांचा फरक पडतो तेवढाच काय तो. आणि कधी वेळ बदललीच तर ती हळूहळू सरकायची नाही. एकदम ०.३५ सेकंदांनी उडी मारायची. आणखी वाईट खेळले तर ०.७०. मधलं काहीच नाही.

याचं कारण म्हणजे फ्रेमरूल. जरा सावकाश सांगते, कारण पुढचं सगळं यावरच उभं आहे.

हा खेळ ज्या यंत्रासाठी बनला ते एनईएस सेकंदाला ६०.०९८८ वेळा चित्र नव्याने काढतं. प्रत्येक चित्र म्हणजे एक फ्रेम, साधारण १६.६ मिलिसेकंदांची. खेळातली सगळी मोजणी फ्रेममध्ये चालते. आता यंत्र ८ बिटांचं, म्हणजे एका खणात मावणारा सर्वात मोठा आकडा २५५. प्रत्येक फ्रेमला एकने कमी होणारा टायमर २५५ वरून सुरू केला तरी सव्वाचार सेकंदांत शून्यावर येतो. बऱ्याच गोष्टींना याहून जास्त वेळ लागतो. म्हणून खेळात टायमरचे दोन गट आहेत. एक गट प्रत्येक फ्रेमला एकने उतरतो. दुसरा गट दर २१ फ्रेमनंतर एकदाच उतरतो. त्यासाठी एक वेगळा मोजक सतत २० पासून शून्यापर्यंत उतरत आणि पुन्हा २० वर जात राहतो. तो शून्य ओलांडतो त्या ठोक्याला दुसऱ्या गटातले टायमर हलतात. मारियोने तारा घेतल्यावर तो किती वेळ अजिंक्य राहणार, हेसुद्धा याच सावकाश गटात मोजलं जातं.

लेव्हल संपून पुढची सुरू होण्याआधी जे थांबणं असतं तेही या २१ फ्रेमच्या ठोक्याला बांधलेलं आहे. तुम्ही झेंड्यापासून किल्ल्यात शिरलात, उरलेल्या वेळेचे गुण मोजून झाले, की खेळ पुढच्या ठोक्याची वाट बघतो. ठोका पडेपर्यंत काही होत नाही. स्पीडरनिंगच्या जगात यासाठी सगळीकडे बसचं उदाहरण देतात आणि त्याहून सोपं मलाही सुचलेलं नाही: दर २१ फ्रेमला एक बस सुटते. तुम्ही थांब्यावर २० फ्रेम आधी पोचलात काय किंवा १ फ्रेम आधी पोचलात काय, बस तीच मिळते. १ फ्रेम उशीर झाला तर मात्र पुढच्या बसची वाट बघायची, म्हणजे आणखी २१ फ्रेम, ०.३५ सेकंद.

हे वाचून बहुतेकांच्या मनात एक प्रश्न येतो, माझ्याही आला. १-१ मध्ये मी १५ फ्रेम लवकर पोचले आणि १-२ मध्येही १५ फ्रेम लवकर, तर मिळून ३० झाल्या, मग एक फ्रेमरूल वाचायला हवा ना? नाही वाचत. उरलेल्या फ्रेम पुढे नेता येत नाहीत. १-१ मधल्या त्या १५ फ्रेम बसची वाट बघण्यातच संपल्या. १-२ सुरू होताना सगळे पुन्हा एकाच रेषेवर. प्रत्येक लेव्हलचा हिशोब तिथल्या तिथे मिटतो. हे एकदा नीट समजलं की ‘अमुक लेव्हलमध्ये एक फ्रेमरूल वाचला’ किंवा ‘४-२ ला दोन फ्रेमरूल गेले’ असं जे रनर बोलतात ते सरळ कळायला लागतं. या खेळात फ्रेमरूल हे काळाचं नाणंच आहे. सुटे पैसे चालत नाहीत.

अपवाद फक्त ८-४. तिथे घड्याळ थांबतं ते मारियो शेवटचा शत्रू बाउझर याच्या मागच्या कुऱ्हाडीला स्पर्श करतो त्या फ्रेमला. त्यानंतर कसलीच वाट बघायची नसते, म्हणून ८-४ मध्ये प्रत्येक फ्रेम मोजली जाते. लीडरबोर्डवर वरच्या दोन रनमधला फरक ०.३५ च्या पटीत नसेल, तर तो उरलेला तुकडा ८-४ मधून आलेला असतो.

हे कळल्यावर विश्वविक्रमांकडे बघायची माझी नजरच बदलली. डार्बियन या रनरचा ऑक्टोबर २०१६ चा विक्रम ४:५६.८७८ होता. ४:५५ च्या आत पहिल्यांदा आला तो निफ्टस्की, एप्रिल २०२१ मध्ये, ४:५४.९४८ वेळेने. दोन्हींत दोन सेकंदांचंही अंतर नाही. पण त्याला फ्रेमरूलने भागलं तर ते साधारण साडेपाच फ्रेमरूल होतं, आणि त्यातला एकेक मिळवण्यासाठी कुणीतरी एखादी नवी युक्ती शोधावी लागली, मग ती माणसाच्या हाताने करता येते हे सिद्ध करावं लागलं, आणि मग ती अख्ख्या रनमध्ये बसवावी लागली. या कामाबद्दल मला मनापासून आदर वाटतो. चाळीस वर्षांपूर्वीच्या खेळात अजूनही लोक इतक्या बारकाईने बघतात, हेच मला या छंदाकडे ओढणारं होतं.

एप्रिल आणि मे सरावात गेले. इथे फ्रेमरूलचा खरा उपयोग झाला. कुठे मेहनत घ्यायची आणि कुठे नाही, हे तो सांगतो. या खेळासाठी लोकांनी सरावाचे खास रॉम, म्हणजे खेळाच्या बदललेल्या फाइली, बनवलेले आहेत. त्यात हवी ती लेव्हल थेट सुरू करता येते आणि लेव्हल संपताना वरच्या पट्टीत आकडा दिसतो: कितवा फ्रेमरूल पकडला आणि पुढच्या ठोक्याला किती फ्रेम शिल्लक होत्या. तो शिल्लक आकडा बघायची सवय लावून घ्या. आठ-दहा येत असेल तर त्या लेव्हलमध्ये छोटीशी ठेच चालून जाते. एक किंवा दोन येत असेल तर आपण काठावर आहोत, जराशी चूक झाली की बस गेली. असे काठावरचे आकडे ज्या लेव्हलमध्ये येत होते तिथेच मी माझा बहुतेक वेळ दिला.

४-१ चं उदाहरण देते. तिथे लाकिटू ढगातून काटेरी अंडी टाकत असतो आणि त्याला चुकवायला मी एक उडी जास्त उंच घेत होते. डोळ्यांना ती उडी काहीच वाटत नाही. सराव रॉमवर शिल्लक आकडा मात्र कधी १९, कधी २० यायचा. म्हणजे मी ठोका जेमतेम एक-दोन फ्रेमनी चुकवून पुढच्या ठोक्याच्या अगदी सुरुवातीला पोचत होते, आणि जवळजवळ पूर्ण फ्रेमरूल थांब्यावर उभी राहत होते. उडीचं बटण जरा लवकर सोडलं, मारियो थोडा खालून गेला, आणि आकडा एकदम ३ वर आला. त्याच क्षणी लाइव्हस्प्लिटमध्येही ४-१ ची वेळ ०.३५ ने खाली. मला इतका आनंद फार कमी गोष्टींनी झाला आहे. त्यामुळे शिल्लक आकडा १८ च्या पुढे दिसला की खूश व्हा: तिथे एक फ्रेमरूल अगदी हाताशी आहे.

ज्या युक्त्या मी या रनमध्ये घेतल्या नाहीत त्यांच्याबद्दलही थोडं सांगते, कारण त्यांची नावं तुम्हाला पहिल्या दिवसापासून भेटतील. फ्लॅगपोल ग्लिच म्हणजे झेंड्याच्या खांबाखालच्या ठोकळ्यात मारियोला थोडा घुसवायचा. मग झेंडा खाली उतरत नाही आणि तो उतरेपर्यंतचं थांबणं वाचतं. नीट जमलं तर काही लेव्हलमध्ये एक फ्रेमरूल वाचतो. ८-२ मध्ये असाच परिणाम तोफेच्या गोळ्यावर, म्हणजे बुलेट बिलवर, उसळी घेऊन साधतात. ४-२ मधला राँग वॉर्प सर्वात गमतीदार. पाइप किंवा वेल आपल्याला कुठे नेणार, याची नोंद पडदा किती सरकला यावरून बदलते. मारियोला ठोकळ्यांना आपटवून नेहमीपेक्षा काही पिक्सेल उजवीकडे सरकवलं, की पडदा मागे राहतो, नोंद जुनीच राहते, आणि नाण्यांच्या खोलीत नेणारा पाइप थेट वॉर्प झोनमध्ये सोडतो. एरवी त्या वॉर्प झोनला जायला वेलीवर चढावं लागतं, तो सगळा वेळ वाचतो. मी मात्र वेलीवरूनच गेले. पहिला रन सादर करायचा तर सगळं एकदम घेऊ नये, असं माझं स्पष्ट मत आहे. एक अवघड युक्ती घातली की तिच्यासाठीच शंभर रन मोडतात आणि ८-३, ८-४ चा सराव होतच नाही.

जूनमध्ये नियम वाचले. हे काम आधीच करा, चांगला रन लागल्यावर नाही. या खेळाचा लीडरबोर्ड स्पीडरन डॉट कॉमवर आहे आणि प्रत्येक कॅटेगरीसोबत नियमांचं पान असतं. कुठले इम्युलेटर (जुन्या यंत्राचे खेळ संगणकावर चालवणारे प्रोग्राम) चालतात, कुठली आवृत्ती चालते, टायमर कुठे सुरू आणि कुठे बंद धरायचा, व्हिडिओ कसा हवा, सगळं तिथे आहे. तीन गोष्टींकडे नीट लक्ष द्या. एक, डावं आणि उजवं बटण एकाच वेळी दाबलेलं चालत नाही. खऱ्या कंट्रोलरवर ते सहज होतही नाही, पण कीबोर्डवर होतं. म्हणून इम्युलेटरच्या सेटिंगमध्ये ती परवानगी बंद आहे ना, हे स्वतः उघडून बघा. दुसरं, टर्बो बटण (धरून ठेवलं की आपोआप भराभर दाबलं जाणारं), सेव्ह स्टेट (खेळ मध्येच साठवून पुन्हा तिथूनच सुरू करणं), वेग कमी-जास्त करणं हे सगळं बंद. तिसरं, जितकी वेळ वरच्या क्रमांकाची तितका पुरावा जास्त मागतात. माझ्यासारख्या वेळेला पूर्ण, न कापलेला व्हिडिओ पुरतो. अगदी वरच्या रनना हात दाखवणारा कॅमेरा आणि आणखी बरंच काही लागू शकतं.

खर्चाचं म्हणाल तर नोंदणी, सादर करणं, तपासणी यांपैकी कशालाच पैसे पडत नाहीत. टायमर फुकट, रेकॉर्डिंगसाठी ओबीएस वापरलं तेही फुकट. पैसे गेले ते एका चांगल्या डी-पॅडच्या, म्हणजे दिशा दाबायच्या बटणाच्या, कंट्रोलरला. त्याआधीच्या कंट्रोलरवर डी-पॅड सैल होता आणि पाइपवर उभं राहून खाली दाबताना कधी कधी तिरपं लागायचं. १-२ च्या वॉर्प पाइपवर एवढ्या कारणानेही फ्रेमरूल जातो. म्हणून खर्च करायचाच असेल तर इथे करा.

ओबीएसमध्ये रेकॉर्डिंग सेकंदाला ६० फ्रेमवर ठेवा. ३० वर ठेवलं तर खेळाची प्रत्येक दुसरी फ्रेम व्हिडिओत येतच नाही आणि मॉडरेटरला नेमकी फ्रेम दाखवता येत नाही. खेळाचा आवाज रेकॉर्ड होतोय ना, हे तपासा. आणि शक्य असेल तर इम्युलेटरच्या खिडकीवर दुसरं काही येऊ देऊ नका. मी टायमर बाजूला ठेवला होता.

मग जुलैपासून खरे प्रयत्न. संध्याकाळी तासभर, कधी दोन तास. रिसेट कधी करायचं याबद्दल प्रत्येकाचं मत वेगळं असतं. माझं असं: १-१ मध्ये एखादी धडक बसली म्हणून लगेच रिसेट करू नका. धडकेने सहा फ्रेम गेल्या असतील आणि शिल्लक आठ होत्या, तर वेळ काहीच गेलेला नाही. काळा पडदा येईपर्यंत थांबा, टायमर बघा, मग ठरवा. मला फ्रेमरूलने सर्वात मोठी गोष्ट दिली असेल तर हीच. पूर्वी एखादी उडी बिघडली की मन तिथेच अडकायचं आणि पुढच्या दोन लेव्हल त्यातच जायच्या. आता हात चालत राहतात, कारण मला माहीत असतं की ती चूक कदाचित बसच्या थांब्यावरच विरून जाणार आहे.

तो रन लागला १४ सप्टेंबरला. १-१, १-२ आणि ४-१ हवे तेच ठोके. ४-२ मध्ये वेलीचा ठोकळा फोडायला जरा वेळ लागला आणि एक फ्रेमरूल गेला. ८-१ आणि ८-२ पुन्हा माझ्या सर्वोत्तम वेळेला. ८-३ मध्ये हॅमर ब्रदर्सची पहिली जोडी आली तेव्हा माझे तळवे इतके ओले झाले होते की कंट्रोलर घट्ट धरावा लागला. हातोडे कसे पडतील हे आधी सांगता येत नाही. मी थांबले नाही, पहिल्याच्या खालून पळाले, दुसऱ्यावरून उडी घेतली आणि तो हातोडा फेकायच्या आत पलीकडे होते. ८-४ मध्ये पोचल्यावर एकच विचार मनात होता: इथे बस नाही, इथे सगळं मोजलं जातं. त्यामुळे पाइपात शिरताना एकदाही थबकायचं नाही, पाण्यात सरळ रेषा धरायची. बाउझर उडीत असताना त्याच्या खालून गेले आणि कुऱ्हाडीला हात लागला. टायमर थांबवला तेव्हा बोटं थरथरत होती. बराच वेळ मी नुसती पडद्याकडे बघत बसले होते.

रेकॉर्डिंगची फाइल लगेच दुसऱ्या डिस्कवर कॉपी केली आणि मग व्हिडिओ यूट्यूबवर चढवला. ट्विचवर थेट प्रक्षेपण करणाऱ्यांनी लक्षात ठेवा, तिथले जुने प्रक्षेपण काही काळाने आपोआप पुसलं जातं. रनचा व्हिडिओ कायम राहील अशा जागी ठेवा. व्हिडिओ टायटल स्क्रीनच्या आधीपासून सुरू व्हावा आणि कुऱ्हाडीनंतर काही सेकंद चालावा. पुढून-मागून कापून सुटसुटीत करण्याचा मोह टाळा.

यानंतर रीटाइम, म्हणजे फ्रेम मोजून काढलेली वेळ. लाइव्हस्प्लिटवरची वेळ ही हाताने दाबलेल्या बटणाची, ती अंतिम धरत नाहीत. यूट्यूबवर व्हिडिओ थांबवून स्वल्पविराम आणि पूर्णविराम या कळांनी एकेक फ्रेम मागे-पुढे जाता येतं. सुरुवातीची फ्रेम म्हणजे १-१ मध्ये ‘टाइम’ या शब्दाखाली ४०० हा आकडा पहिल्यांदा उमटतो ती. शेवटची म्हणजे मारियो कुऱ्हाडीला स्पर्श करतो ती. माझ्या रनमध्ये या दोघींमध्ये १८,३९३ फ्रेम निघाल्या. आता इथे एक बारीक गोष्ट आहे. माझा इम्युलेटर पडद्याच्या वेगाशी जुळवून बरोबर ६० वर चालत होता, म्हणून व्हिडिओची एक फ्रेम म्हणजे खेळाची एक फ्रेम. साध्या घड्याळाने बघितलं तर १८,३९३ ला ६० ने भागून ५:०६.५५० येतं. पण खरं एनईएस ६०.०९८८ वर चालतं, आणि सगळ्यांची तुलना त्याच मापाने व्हायला हवी. ६०.०९८८ ने भागलं की ५:०६.०४६. अर्ध्या सेकंदाचा फरक, आणि तो कुणाच्याही कौशल्याशी संबंधित नाही. ज्यांचा इम्युलेटर ६०.०९८८ वरच चालतो त्यांना हा फरक दिसणार नाही. म्हणून सादर करताना आपली सेटिंग काय होती ते लिहून टाका.

१७ सप्टेंबरला फॉर्म भरला. खातं उघडून ईमेल पडताळून ठेवलेला होता, नाहीतर तिथेच आणखी थोडा वेळ गेला असता. फॉर्म छोटा आहे: कॅटेगरी, यंत्र किंवा इम्युलेटर, प्रदेशाची आवृत्ती, वेळ मिलिसेकंदांपर्यंत, रनची तारीख, व्हिडिओचा दुवा आणि टिप्पणीची जागा. टिप्पणीत मी इम्युलेटरचं नाव आणि आवृत्ती, तो ६० वर चालवल्याचं, कंट्रोलर कुठला, आणि सुरुवातीच्या व शेवटच्या फ्रेमचा व्हिडिओतला ठिकाणा लिहिला. तपासणारे लोक आपला मोकळा वेळ देऊन हे काम करतात. त्यांना शोधाशोध करायला लागू नये एवढं आपण करू शकतो.

मग वाट बघणं. नाव लीडरबोर्डवर दिसत नाही, फक्त आपल्या पानावर ‘तपासणी बाकी’ असं राहतं. पहिल्या आठवड्यात मी दिवसातून अनेकदा बघत होते, नंतर सोडून दिलं आणि पुन्हा सरावाला लागले. मध्येच विचारणा करू नये असं मला वाटतं. रांगेत माझ्याआधी बरेच जण होते. या दिवसांत मी मॉडरेटर काय बघतात याबद्दल वाचलं आणि फ्रेमरूलची आणखी एक बाजू कळली. लेव्हलच्या वेळा ठरावीक पायऱ्यांवरच पडत असल्याने दोन वेगळे रन जोडून एक केला, तर जोडाच्या ठिकाणी तो ठोका बिघडण्याची शक्यता असते. जो नियम आपल्या फ्रेम गिळतो तोच खरेपणाची साक्षही देतो, हे मला फार आवडलं.

ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात ईमेल आला. रन मान्य. मॉडरेटरने स्वतः फ्रेम मोजल्या होत्या आणि त्यांची वेळ माझ्या वेळेशी तंतोतंत जुळली. खाली एक ओळ होती: ४-२ मध्ये वेल सोडून राँग वॉर्प शिका, तिथे सर्वात जास्त फ्रेमरूल पडून आहेत. अनोळखी माणसाने अख्खा व्हिडिओ बघून एवढं लिहावं, याचं मला खूप अप्रूप वाटलं. मी आभाराचं उत्तर पाठवलं आणि त्याच संध्याकाळी सराव रॉमवर ४-२ उघडली.

सध्या तेच चालू आहे. मारियोला पाइपाआधी मागे तोंड करून ठोकळ्याला आपटवायचं, तो किती पिक्सेल सरकला हे सराव रॉम दाखवतो, पुरेसा सरकला की पाइपात. दहातून तीन-चार वेळा जमतं. तुम्हीही हे शिकत असाल तर आधी नुसतं आपटणं बसवा, पाइपात शिरायची घाई करू नका. आणि सुरुवातीला शिल्लक फ्रेमकडे बघूच नका. राँग वॉर्प संथपणे केला तरी वेलीपेक्षा कितीतरी आधीची बस मिळते.